हार घातलेला फोटो
परवा बाजारात चंदनाच्या हारांचा वास आला आणि छातीत जुनी धडधड सुरू झाली. न्यायाधीश, डॉक्टर, दलाल अशा मिळतील त्या भूमिका मी मालिकांमधून करीत आलो. एका वर्षी नोएडात चित्रित होणाऱ्या एका मालिकेत माझे पात्र मरण पावले आणि भिंतीवर हार घालून लावण्यासाठी युनिटने माझा फोटो मागितला. आईच्या अल्बममधला तिचा सर्वांत लाडका फोटो मी तिला न विचारता काढून दिला. पात्र मेल्याचे सांगायचेही विसरलो. एका संध्याकाळी सेटवर बहिणीचा फोन आला, "दादा, मी ऑफिसमधून आलेय, पण आई आतून दारच उघडत नाहीये. टीव्हीवर तुझी सीरियल चालू आहे." दिल्लीत आर. के. पुरममधल्या बहिणीच्या सरकारी क्वार्टरपर्यंतचा तासभर मी टॅक्सीत आईला फोन लावत राहिलो. अल्बममधला तो फोटो तिने हार घातलेला पाहिला असणार, आणि तिचे हृदय आधीच अधू होते. फोन नुसता वाजत राहिला. "आई, मी आलोय," असे दाराबाहेरून तीनदा ओरडलो, तेव्हा कडी सरकली. सुटकेच्या भरात मी हसलो, "अगं, सीरियल होती ती!" माझा चेहरा चाचपत, शेजारी उभ्या बहिणीकडे पाहून ती म्हणाली, "दार उघडलं असतं, तर हिनं तू गेल्याचं सांगितलं असतं रे." पडद्यावर मी कितीतरी मुलांचा पश्चात्ताप वठवला आहे, त्या दारात मात्र क्षमा मागायची सोडून मी हसलो, हे आठवले की पंचावन्नाव्या वर्षीही मान वर होत नाही.