पितृपक्षातले सामने

आंबिवली मागे पडली तशी करिश्मानं चपला काढून पिशवीत टाकल्या. इथून देवळापर्यंत अनवाणी, हा तिचा लहानपणापासूनचा शिरस्ता. सुमतीबाईंनी मात्र चपला काढल्या नाहीत. त्यांच्या टाचांना भेगा होत्या, आणि बाप्पाला भक्ताच्या भेगा कळतात अशी त्यांची श्रद्धा होती.

अंगारकी आली की दोघी पहाटे कल्याणहून निघून टिटवाळ्याला चालत जायच्या. डोंबिवलीच्या एकाच शाळेतल्या दोघी. सुमतीबाई मराठी शिकवायच्या, करिश्मा खेळाची बाई. यंदा जूनमध्ये सुमतीबाई निवृत्त झाल्या. शाळा सुटली, पण अंगारकीचं चालणं सुटलं नाही. एरवी करिश्माची रस्ताभर बडबड चालायची. कोणाची पोरगी कशी पळते, कोणाचा बाप मैदानावर येऊन कसा भांडतो. आज मात्र शहाडच्या पुलापासून ती गप्प होती. जरा पुढे गेली की फोन काढायची, बघायची, परत ठेवायची.

"कोणाचा फोन यायचाय गं?"

"फोन नाही बाई. वेळापत्रक. बदललंय का बघते."

"मग बदललं?"

"नाही ना. उद्या सेमी, गुरुवारी फायनल. आणि गुरुवारी षष्ठी."

एवढं बोलून ती परत चालायला लागली. सुमतीबाईंना पुढचं विचारावं लागलं नाही. षष्ठी म्हणजे करिश्माच्या सासऱ्यांची तिथी, हे शाळेत शिपायापासून सगळ्यांना माहीत होतं.

शाळांच्या बास्केटबॉलचं गणित बाहेरच्या माणसाला कळायचं नाही. आपल्याला वाटतं, खेळ म्हणजे सुट्टीच्या दिवशी, संध्याकाळच्या गारव्यात. तसं नसतं. जून-जुलैत कोर्टावर पाणी, पोरी घसरून पडतात. ऑगस्टमध्ये दहीहंडी, मग गणपती, मैदानावर मांडव. नवरात्रात त्याच मैदानावर गरबा. त्याच्या पाठोपाठ सहामाही, आणि मग दिवाळी. रविवारी कुठली ना कुठली परीक्षा, संध्याकाळी क्लासवाल्यांची बुकिंग. राहतं काय? गणपती गेले आणि देवी यायची आहे, मधला तेवढा पंधरवडा. पितृपक्षात कोणी मांडव घालत नाही, कोणी उद्घाटन ठेवत नाही, सगळी मैदानं ओस. म्हणून शाळांचे सामने दर वर्षी पित्रांतच पडतात, आणि तेही भर शाळेच्या दिवशी, सकाळी.

करिश्मानं एकदा वेळापत्रक लावणाऱ्या संदेश सरांना विनवलं होतं. ते हसले. "मॅडम, प्रत्येकाच्या घरचे पितर सांभाळायचे तर मॅच खेळणार कोण? कावळे?"

त्यांचंही चुकत नव्हतं. चुकत तसं कोणाचंच नव्हतं, आणि तीच तर अडचण होती.

करिश्माचं माहेर टिटवाळ्याच्या अलीकडचं एक गाव. वडील गोविंदा रेल्वेत गँगमन होते. पोरीला चेंडूचं वेड, म्हणून त्यांनी वेल्डिंगवाल्याकडून लोखंडी रिंग करून घेतली आणि शाळेमागच्या खांबावर बसवली. जाळी नव्हती. चेंडू आत गेला की नाही यावरून रोज भांडणं. त्या रिंगवर खेळून पोरगी विभागापर्यंत गेली, पुढे खेळाचीच शिक्षिका झाली. लग्न होऊन डोंबिवलीपलीकडच्या एका गावात मोठ्या घरात आली. शेती केव्हाच गेलेली, शेतावर इमारती उभ्या, पण घरातली रीतभात जागच्या जागी. नवरा दिपेश मोठा मुलगा, म्हणून ती मोठी सून. आणि त्या घरात पित्रांचा स्वयंपाक मोठ्या सुनेच्याच हातचा लागतो. तिनं उपाशी राहून वडे तळायचे, खीर करायची, पान वाढायचं आणि कावळा शिवेपर्यंत तोंडात पाणी घ्यायचं नाही.

सासरे गेले त्याच्या पुढच्या वर्षी पहिली षष्ठी आली, त्याच दिवशी मॅच. करिश्मा सासूकडे, कमळाबाईंकडे, विचारायला गेली. कमळाबाई कजाग असत्या तर बरं झालं असतं. त्या म्हणाल्या, "जा गो खेलाला. पोरी तुझ्या भरवशावर हायेत. स्वैपाक धाकली करल."

ती गेली. धाकट्या जावेनं सगळं नीट केलं. पान गच्चीवर ठेवलं. आणि कावळा येईना. समोरच्या टाकीवर तीन-चार कावळे बसलेले, पण पानाकडे ढुंकून बघत नव्हते. बारा वाजले, एक वाजला. भाऊकी खाली खोळंबलेली. कमळाबाई गच्चीवर उन्हात उभ्या, हात जोडून म्हणतायत, "अवो, चुकलं असल त माफ करा, मोठी येल आता." करिश्मा तीनच्या सुमाराला धापा टाकत घरी पोचली, गच्चीवर गेली, खेळाच्या कपड्यांतच पानाला हात लावून नमस्कार केला. ती मागं सरकली आणि कावळा उतरला.

योगायोग असेल. दिपेश तर म्हणाला, "ऊन उतरलं म्हणून आला गं, त्याला काय मॅचचा स्कोअर कळतो?" पण गावानं पाहिलं ते पाहिलं. त्या दिवसापासून कोणी तिला जाऊ नको म्हणालं नाही. म्हणायची गरजच उरली नाही.

"बाई, सासूबाई ओरडल्या असत्या ना, तर मी भांडले असते," करिश्मा चालता चालता म्हणाली. "काल परत म्हणाल्या, 'जाशील त जा बाय, मी काय बोलनार नाय.' आणि रात्री फोटोसमोर बसून होत्या. मी दारातून बघितलं."

"शाळेतली दुसरी बाई नाही का जाणार मुलींबरोबर? वल्लरी?"

"वल्लरी बाळंतपणाच्या रजेवर. उरलेल्या दोघी मतदारयादीच्या कामाला. मुलींचा संघ, बाईमाणूस लागतंच बरोबर, नियमच आहे. मुख्याध्यापक हरिहर सर म्हणतात, तू बघ. म्हणजे झालं."

"मी येते की! मी काय चालत नाही?"

"तुमचं ओळखपत्र जमा झालं ना बाई. चालू शिक्षिकाच लागते. गेल्या वर्षीच विचारून ठेवलंय."

गेल्या वर्षी फायनलच्या दिवशी षष्ठी आली आणि शाळेनं सामना सोडला होता. समोरच्या संघाला न खेळता विजय. कारण काय, तर सोबत शिक्षिका उपलब्ध नाही. सुमतीबाई तेव्हा मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी रजेवर होत्या. मुलींना निरोप पोचायच्या आत त्या गणवेश घालून, वेण्या घट्ट बांधून शाळेच्या फाटकापाशी आल्या होत्या. शिपायानं सांगितलं. कप्तान समृद्धीनं बुटांच्या नाड्या सोडल्या, बूट पिशवीत घातले आणि अनवाणीच घरी गेली. ते शिपायानं करिश्माला फोनवर सांगितलं, तेव्हा तिच्या हातांना वड्यांचं पीठ होतं.

"यंदा ती दहावीला. हे तिचं शेवटचं वर्ष. गुरुवारी फायनल घोडबंदर रोडला आहे, तिकडच्या शाळेत, आतलं कोर्ट. सकाळी नऊला. तिथून मी कितीही धावले तरी त्या रस्त्यावरून बाराच्या आत घरी पोचत नाही. पान बाराच्या आतच ठेवायचं."

"आदल्या रात्री करून ठेवलं तर?"

"शिळं चालतं का पितरांना?" करिश्मा हसली, पण हसणं तिथंच अडकलं. "आणि बाई, मलाच वाटतं. त्यांना नाही, मलाच. सासरे माझ्यावर जीव टाकायचे. माझी नोकरी लागली तेव्हा अख्ख्या गावाला पेढे वाटले त्यांनी. म्हणायचे, आमची सून शिट्टी वाजवते नि पोरं उभी राहतात. त्यांना उपाशी ठेवून मी शिट्टी कशी वाजवू?"

देवाधर्माचं सुमतीबाईंना कळायचं ते एवढंच, की मनात खोट नसावी. इथे कुठेच खोट नव्हती, आणि तरी पोरीला पाय टाकायला जागा नव्हती. त्यांनी नुसता तिच्या पाठीवर हात ठेवला. पाठ घामानं भिजली होती.

बल्याणीपासून पुढे चालणाऱ्यांची गर्दी वाढली. दुर्वांच्या जुड्या विकायला बसलेल्या बायका हाका मारत होत्या. करिश्मानं दोन जुड्या घेतल्या, एक सुमतीबाईंच्या हातात दिली. मग दोघी रांगेला लागल्या. रांग तळ्याच्या कडेनं वळून गेली होती. पुढची मंडळी मोरया म्हणत होती, करिश्माचे ओठ हलत नव्हते.

"उद्याची सेमी कशी वाटते?" सुमतीबाईंनी विचारलं. काहीतरी बोलायचं म्हणून.

"जिंकतील," करिश्मा म्हणाली. "समोरचा संघ कच्चा आहे. समृद्धी ऐन भरात आहे. जिंकणारच."

असं कोणी म्हणालं तर तोंड उजळतं माणसाचं. हिचं उतरलं.

रांग हळूहळू सरकत होती. कळस दिसायला लागला. करिश्मा सुमतीबाईंच्या अगदी जवळ आली. मागच्यांना ऐकू जाऊ नये म्हणून तिनं आवाज खाली आणला.

"बाई, गुरुवारी परत त्यांना फाटकातून माघारी पाठवणं मला जमणार नाही. आणि घरचं पान सोडून जाणंही जमणार नाही. उद्या कोर्टावरच हरल्या तर रडतील, पण खेळून हरल्या म्हणून रडतील. कोणी अडवलं म्हणून नाही." तिनं आपलीही जुडी सुमतीबाईंच्या हातात दिली. "माझ्या तोंडून हे निघणार नाही हो. उद्या त्यांच्यासमोर शिट्टी घेऊन उभं राहायचंय मला. तुम्ही आत गेलात की माझ्यासाठी एवढं मागा. माझ्या पोरी उद्याच हरू देत."