प्रश्न उत्तरातच घ्या

एलुनेड प्रॉसर ही टीव्हीवरच्या माहितीपटांची निर्माती. आयुष्यभर तिनं दुसरं काही केलं नाही, आणि तिच्या एकाही माहितीपटात तिचा आवाज नाही. हे मी खात्रीनं सांगते, कारण तो कापायचं काम माझंच होतं. कार्डिफच्या एका बिनखिडकीच्या खोलीत बसून मी तिचे माहितीपट जोडायचे. कॅमेरा सुरू होण्याआधी ती समोरच्याला बजावायची, “माझा प्रश्न तुमच्या उत्तरातच घ्या. जन्म कुठला विचारलं की नुसतं ‘इथलाच’ म्हणू नका, ‘माझा जन्म इथलाच’ म्हणा.” म्हणजे तिचा प्रश्न उडवला तरी उत्तर आपल्या पायावर उभं राहतं.

मेंढपाळ, खाणकामगार, म्हाताऱ्या नर्सा, सगळे तिच्यापुढे मन मोकळं करायचे. बायकोला न सांगितलेलं तिला सांगायचे. मग काम संपायचं आणि ती पुढच्या गावी. लग्न राहूनच गेलं. मैत्रीण म्हणाल तर मी एकटी, आणि मी काही फार गोड स्वभावाची नाही.

निवृत्त झाल्यावर तिच्या डोक्यात एक बेत शिरला. उत्तरेला स्लेटच्या खाणींच्या गावात ग्विलिम नावाचा विधुर राहायचा. तिचा सगळ्यांत गाजलेला माहितीपट त्याच्यावरचा. त्याच्या शेजारचं घर विकायला निघालं होतं.

“चित्रीकरणाच्या वेळी ते रोज म्हणायचे, पोरी, तू इथंच राहा,” ती मला म्हणाली. “ते घर घेऊ का, असं त्यांनाच विचारते. हो म्हणाले तर इथला फ्लॅट विकून टाकते. मला आता एकटीनं राहवत नाही.”

“तोंडदेखलं म्हणाला असेल म्हातारा.”

“तू गाडी चालव.”

ग्विलिम टाय लावून दारातच उभा होता. त्यानं गाडीत डोकावून पाहिलं. “बाकीची पोरं कुठायत? कॅमेरावाला?”

“कॅमेरा नाही आणला. नुसती तुम्हाला भेटायला आलेय,” एलुनेड म्हणाली.

“असं होय,” तो म्हणाला. मग त्यानं माझ्यापुढे हात केला. “किल्ली द्या.”

मला हसू आलं. चित्रीकरणात आवाज येऊ नये म्हणून आम्ही लोकांच्या घरातला फ्रीज बंद करतो, आणि जाताना तो सुरू करायचा विसर पडू नये म्हणून गाडीची किल्ली त्यातच ठेवतो. ग्विलिमनं फ्रीज आधीच बंद केला होता, भिंतीवरचं घड्याळसुद्धा. किल्ली आत टाकून तो खिडकीजवळच्या खुर्चीत बसला. पूर्वी एलुनेडनंच त्याला तिथं बसवलं होतं.

“मुलगी येते का हो?” तिनं विचारलं.

“माझी मुलगी नाताळात येते.”

“आणि जेवणाचं?”

“जेवण मी एकदाच करतो. एकट्यासाठी दोनदा कोण रांधणार?” एवढं बोलून त्यानं तिच्याकडे पाहिलं, बरोबर आलं ना, अशा नजरेनं.

ती गप्प झाली की तो गुडघ्यांवर हात ठेवून वाट बघायचा. “पुढचं विचार की, पोरी.” आणि ती विचारायची. घराची गोष्ट आता निघेल, मग निघेल, म्हणून मी चहा पीत बसले. ती निघालीच नाही.

जाताना किल्लीसाठी एलुनेडनं फ्रीज उघडला. आत ओल्या फडक्याखाली सँडविचची थाळी होती, अख्ख्या चमूला पुरेल एवढी.

“पोरांसाठी केली होती,” ग्विलिम म्हणाला. “तुम्हीच न्या आता.”

तिनं दोन घेतली आणि फ्रीज सुरू केला.

आम्ही डोंगर उतरलो. मी म्हटलं, “घराचं का नाही विचारलंस?”

“घराचं मी विचारलं नाही, कारण एवढ्या वेळात त्यांनी माझ्याबद्दल एकही प्रश्न विचारला नाही.”

माझा प्रश्न तिनं उत्तरात घेतला होता, सवयीनं. मला फार वाईट वाटलं.

“आज माझ्याकडे जेवायला येतेस?” मी विचारलं.

“हो,” ती म्हणाली. नुसतं हो.