साडूंच्या सात पृथ्व्या

आख्ख्या मावळात त्या लाल ताऱ्याची आन् त्याच्या सात पृथ्व्यांची खडान्‌खडा माहिती असलेली माणसं दोनच, त्यातला एक मी. दुसरे आमचे साडू, आन् मला जे काय येतं ते त्यांनीच सांगितलेलं. त्यातलं निम्मं मी विसरलो, निम्मं उलटं ध्यानात ठेवलं. शाळेत मी गेलतो, न्हाई असं न्हाई, पण शाळेच्या मागं ओढा व्हता आन् ओढ्यात खेकडी व्हती. माझं सगळं शिक्षण खेकड्यांनी खाल्लं. आता भुशी धरणाच्या वाटेवर कणसं भाजतो. पण मला कुणी इचारलं की भाऊ, जगात सगळ्यात चिवट माणूस कोण, तर मी डोळं झाकून सांगीन, आमचे साडू. जे दिसत न्हाई, जितं कुणी गेलं न्हाई, जाणार न्हाई, त्याचं येड घेऊन हा माणूस इतकी वर्षं जगला.

साडू परंदवडीचे. म्हंजे माझ्या बायकोची थोरली बहीण, अक्का, त्यास्नी दिलेली. जल्मभर कंपनीत मशीनवर उभं राहिले, तवर माणूस सरळ व्हता. रिटायर झाले, लेकीनं मोबाईल घेऊन दिला, आन् एक दिवस त्यात बातमी दिसली की लय लांब एक बारका, थंडसर, लाल तारा हाये, आन् त्याच्याभवती सात दगडी गोळे फिरतात, आपल्या पृथ्वीच्याच मापाचे. झालं. लोक रिटायर झाल्यावर माळ घालतात, न्हाईतर बांधावरनं भांडतात. ह्यांनी तारा धरला. दुसऱ्या दिवसापासनं घरी कुणी चहाला आला की त्याचा चहा गार व्हईस्तवर त्याला साती पृथ्व्या फिरवून आणायचे. पोस्टमन परंदवडीत सायकल हळू करायचा, फक्त ह्यांच्या दारावरनं जोरात मारायचा.

एका दिवाळीला मी गेलतो तर दिवस मावळल्या मावळल्या मला गच्चीवर नेलं. "पाव्हणं, ती कुंभ रास. आता माझ्या बोटाच्या सरळ रेषेत बघा. तितं हाये तो." मी बघितलं. बोट बघितलं, नख बघितलं, पुढं डोंगर बघितला. माणसाचं मन मोडू नये म्हणून म्हणलं, "व्हय व्हय, दिसला की! लाल हाये. झाकतोय, उघडतोय." साडूंनी बोट खाली घेतलं. "पाव्हणं, तो डोळ्याला दिसतच न्हाई. मोठी दुर्बीण लागती. तुमी मोबाईलच्या टावरचा दिवा बघताय." खाली अंगणात अक्का पणत्या लावत व्हती, ती इतकी हसली की तेल सांडलं. मी आपलं म्हणलं, मग जे दिसत न्हाई ते दाखवायला मला जिना का चढवला? तर साडू म्हणाले, "कुटं हाये ते म्हाईत असावं. दिसलंच पाहिजे असं कुटं हाये?" मी जिना उतरलो आन् दोन करंज्या जास्त खाल्ल्या.

पंगतीला तर त्यांच्या शेजारी कुणी बसत न्हवतं. एका लग्नात ताटात टोमॅटो ठिवला मधी, तो तारा. भवती बुंदीचे लाडू मांडले, स्वतःचे, माझे, शेजारच्या म्हाताऱ्याचे, असे सात. मग समजावणी सुरू. म्हणे आपल्या पृथ्वीला सूर्याभवती फिरायला वरीस लागतं, पण ह्या सगळ्या ताऱ्याला इतक्या चिकटून हायेत की पयलीचं वरीस दीड दिवसात उरकतं. मी म्हणलं, म्हंजे तितं हप्त्याला चार-पाच वेळा दिवाळी? अक्का बायकांच्या पंगतीतनं वरडली, "आन् फराळ कोण करणार?" सगळा मांडव हसला. साडू मात्र गंभीर. त्यांनी हात केला, "आन् ही तिसरी..." आन् थांबले. तिसरी न्हवती. मी खाल्ली व्हती. समोर लाडू मांडून माणूस अर्धा तास बोलायला लागला तर आमच्यासारख्यानं करायचं काय? पुढं कुटल्याबी सोयऱ्याकडं गेलो की साडू माझी वळख अशीच करून द्यायचे, "हे आमचे साडू. ह्यांनी एक पृथ्वी गिळलेली हाये."

पण एक गोष्ट मला पक्की कळली, ती माझ्याच शेगडीवर. साडू आन् अक्का एकदा भुशीला माझ्या गाडीवर आले व्हते. मी कणीस फिरवत व्हतो. साडूंनी माझा हात धरला. "फिरवू नका. तसंच ठिवा." ठिवलं. खालची बाजू काळी ठिक्कर, वरची हिरवी, कच्ची. म्हणाले, "हे असं हाये तितं. पृथ्वीचं एकच तोंड कायम ताऱ्याकडं. एका बाजूला कायम दिवस, एका बाजूला कायम रात. फिरवणारा कुणी न्हाई." मी म्हणलं, मग माणूस ऱ्हाणार कुटं? त्यांनी काळ्या आन् कच्च्या दाण्यांच्या मधली बारीकशी वळ नखानं दाखवली. तितले दाणे मस्त भाजले व्हते. "हितं," म्हणाले, "ह्या कडेला. तितं सदा दिवस मावळायची वेळ." अक्कानं ते कणीस घेतलं, नेमके त्या कडेचे दाणे सोलून खाल्ले आन् म्हणली, "जागा बरी हाये. मीठ कमी हाये." गिऱ्हाईक मात्र गेलं ते गेलं. त्याला म्हणे निम्मं जळकं कणीस नको व्हतं.

आन् मग एक दिवस बातमी आली की मोठ्या दुर्बिणीतनं बघितलं, तर सगळ्यात आतल्या दोन पृथ्व्यांवर हवा न्हाई. असली तरी नावाला. साडू ओसरीवर बसले ते बसलेच. जेवले न्हाईत. मला अक्काचा फोन, या म्हणून. मी गेलो, शेजारी बसलो. अशा वेळी काय बोलायचं असतं ते मला कुणी शिकवलेलं न्हाई, म्हणून मयताच्या घरी बोलतो तेच बोललो. "व्हायचं ते झालं. आपल्या हातात काय असतं? बाकीच्यांकडं बघून दिवस काढायचे." साडूंनी माझ्याकडं बघितलं आन् मान हलवली. "खरंय. अजून पाच हायेत." अक्कानं पिठलं-भाकरी वाढली. इतक्या वर्षात मी त्यास्नी पटंल असं बोललो ते तेवढंच, आन् तेबी न समजता.

आमच्याकडं लग्न असो नायतर दशक्रिया, माईक असतोच. लग्नात पुढारी आशीर्वाद देतात, मुहूर्त टळला तरी देत ऱ्हातात. दहाव्याला नदीच्या घाटावर श्रद्धांजली. साडू दोन्हीकडं. पुढाऱ्यानं माईक खाली ठिवला की ह्यांनी उचललाच. वराळ्याला एक आबा वारले, त्यांच्या दहाव्याला हे उभे राहिले, "आबा गेले. आपला सूर्य बी एक दिवस जाणार. पण तो लाल तारा लय लय वर्षं ऱ्हाणार, कारण तो जळतोच बेताबेतानं." लोक एकमेकांकडं बघायला लागले. तर आबांचा पोरगा हुंदका देऊन म्हणतो, "आमचा म्हातारा बी असाच व्हता हो, आंघोळीला सुदीक पाणी तापवू द्यायचा न्हाई!" तवापासनं साडूंना वाटायला लागलं आपलं भाषण लोकांना लागू पडतंय.

आन् मग अक्का गेली. दुखणं थोडक्याचं, पण गेली.

तिच्या दहाव्याला इंद्रायणीच्या घाटावर सगळं गणगोत जमलं. माझ्या बायकोनं डोळं पुसत मला बाजूला घेतलं, "आज दाजींच्या हातात माईक जाता कामा न्हाई. आज तरी तारा नको." माईक माझ्या ताब्यात. मी एका पुढाऱ्याकडनं दुसऱ्याकडं देत राहिलो. ज्यांनी अक्काला कवा बघितलं न्हाई ते तिला माउली म्हणत व्हते. साडूंनी माईककडं बघितलं सुदीक न्हाई. मग पिंड ठिवला. आन् कावळा शिवंना. झाडावर बसलाय, खाली बघतोय, पण येईना. आता आमच्यात ह्याचा अर्थ एकच, गेलेल्याची काय तरी इच्छा राहिलीय, ती पुरी करतो म्हणून सांगायचं. लेक पुढं झाली, "आई, मी पपांना संबाळीन." कावळा हलंना. माझी बायको म्हणली, "अक्का, तुझी गाय कुणाला देणार न्हाई." न्हाई. मी बी हात जोडले, "अक्का, मी तंबाखू सोडतो." तर कावळ्यानं पाठच फिरवली, त्याला बी म्हाईत.

ऊन वर आलं. मग साडू उठले. पिंडापाशी उकिडवे बसले आन् हळूच म्हणाले, "तुला लय पिडलं मी. जल्मभराची तू, आन् म्हातारपणी त्या ताऱ्याच्या गोष्टी ऐकायला लावल्या. आता न्हाई. आता त्याचं नाव तोंडातनं काढणार न्हाई."

आन् कावळा आला. सरळ आला, पिंडाला चोच मारली.

सगळ्यांनी सुस्कारा सोडला. कुणी तर म्हणलं, "बघा, बिचारीच्या मनात हेच व्हतं." साडूंनी ते ऐकलं. त्या दिवसापासनं तारा बंद. चहा गरम गरम प्यायला मिळतो लोकांना. पोस्टमन सायकल हळू मारतो, साडूच आत निघून जातात. लग्नात माईक रिकामा फिरतो. सगळ्यांना इतके दिवस हेच पाहिजे व्हतं, आन् आता मिळालं तर मांडवात काय तरी कमी पडतं, मिठासारखं.

पावसाळ्याची गर्दी हटली की साडू आता माझ्या गाडीवर येऊन बसतात. घरी बसवत न्हाई म्हणतात. मी त्यास्नी बोलतं करायला काय काय केलं! गिऱ्हाइकाला मुद्दाम चुकीचं सांगितलं, की म्हणे एक तारा हाये, निळा, सूर्याच्या धा पट, त्याच्याभवती तीन पृथ्व्या. साडूंचा जबडा हलला. एवढंच. गिऱ्हाईक म्हणलं, "काका, कणसाचं बोला."

परवा माझ्या बायकोनं भाकरी थापता थापता सांगितलं. म्हणली, अक्का तिला फोनवर काय बोलायची म्हाईत हाये? म्हणायची, "ह्यांच्या त्या चौथ्या पृथ्वीवर एक खोली बांधू म्हणते. पण तितं सदा दिवस मावळायची वेळ, म्हंजे घडोघडी देवापुढं दिवा लावा. सासूबाई बसल्या असत्या खुश हून." आन् हसायची. आन् लगेच इचारायची, "पाच राहिल्यात, त्यातल्या कुटल्या तरी एकीवर हवा सापडंल ना गं? न्हाईतर हे पुन्यांदा जेवायचे न्हाईत."

मी कणसाचं पोतं तसंच टाकलं आन् परंदवडीला गेलो. साडू ओसरीवर व्हते. सगळं सांगितलं, शब्द न शब्द. त्यांनी पंचा हातात घेतला. मग म्हणाले, "चौथी म्हणली?"

"चौथीच."

"बरोबर हाये. चौथीच बरी." आन् डोळं पुसलं, पंच्यानं, सावकाश.

मी म्हणलं, "मग झालं तर! तिला आवडत व्हतं. सोडा ती शपथ."

"कावळा शिवला, पाव्हणं."

"अवो, उनात बसून भुकेजला असंल! तुमी एवढे दुर्बिणीचं बोलणारे आन् कावळ्यावर इश्वास ठिवता?"

"तारा मी कवा डोळ्यानं बघितला न्हाई," साडू म्हणाले. "कावळा बघितला."

आता ह्याला काय उत्तर द्यायचं ते खेकड्यांनी खाल्लेल्या धड्यात असंल, माझ्यापाशी न्हवतं. मी त्यांच्या गुडघ्यावर हात ठिवला आन् अगदी मनापासनं म्हणलं, "पाव्हणं, तिचं ऱ्हाऊ द्या. मी हाये की. पयल्यासारखं मला सांगा. मी रोज येऊन ऐकीन."

साडूंनी माझा हात उचलून बाजूला ठिवला.

"तुमाला मी कवा सांगत व्हतो? मी तिला सांगत व्हतो. तुमी मधी बसला व्हता."