नातवाला न मिळालेलं नाव

माझ्या वडिलांचं नाव शेमतोव्ह असेओ. हिब्रूत शेम म्हणजे नाव आणि तोव्ह म्हणजे चांगलं. एकोणीसशे एकोणपन्नास साली ते बल्गेरियाहून बोटीनं इस्राएलात हैफाला उतरले, तेव्हा टेबलामागच्या कारकुनानं मान वर न करता विचारलं, "नाव?" पपा म्हणाले, "शेमतोव्ह." कारकून म्हणाला, "चांगलं असेलच हो काका, पण काय ते सांगा ना." मागे रांगेत उभी असलेली माणसं हसली. पपाही हसले. पुढं जन्मभर हा किस्सा ते स्वतःच सांगत, आणि दर वेळी कारकुनाच्या तोंडी एखादं वाक्य वाढत जाई.

आम्ही जाफात राहायचो, बल्गेरियाच्या लोकांच्या वस्तीत. पपा बस डेपोत सीटा शिवायचे. फाटलेलं रेक्झिन उसवायचं, आतला काथ्या झटकून पुन्हा भरायचा आणि दाभणानं कडा शिवून काढायच्या, हे काम त्यांनी एकतीस वर्षं केलं. डेपोतले लोक टवाळ. "नाव चांगलं, शिवण वाकडी," असं कुणीतरी रोज म्हणायचंच. शिवण कधीच वाकडी नसायची, म्हणून पपांना राग यायचा नाही.

त्या नावाचा मात्र त्यांना अभिमान होता. आमच्या घरात सांगत, की फार मागच्या पिढीत एका बाईची मुलं जगत नव्हती. चौथं झालं तेव्हा रब्बींनी, म्हणजे धर्मगुरूंनी, सल्ला दिला, याला नेमकं असं नावच देऊ नका, नुसतं 'चांगलं नाव' म्हणा; मृत्यूचा दूत यादी घेऊन आला तर त्याला हे पोर सापडू नये. ते पोर जगलं, ऐंशी वर्षांचं झालं. तेव्हापासून घरात शेमतोव्ह आणि येहुदा अशी दोनच नावं पाळीपाळीनं चालत आली. आमच्यात थोरल्या मुलाला बापाच्या बापाचं नाव देतात, तेही आजोबा समोर बसलेले असताना. आजोबांचा तो मोठा मान. पपांनी माझ्या भावाला आजोबांचं नाव दिलं, येहुदा. म्हणजे येहुदाचा थोरला शेमतोव्ह होणार, हे येहुदा रांगत होता तेव्हाच ठरलेलं होतं.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात बल्गेरियात, ज्यू म्हणून, पपांना सक्तीनं खडी फोडायला नेलं होतं. तिथं सकाळी हजेरी नंबरानं व्हायची. त्याबद्दल त्यांनी आम्हाला एवढंच सांगितलं, की नंबर पुकारला की ते मोठ्यानं 'हजर' म्हणायचे आणि मग मनातल्या मनात आपलं नाव घ्यायचे, बापाच्या नावासकट.

येहुदानं नुरितशी लग्न केलं. तिचे आईवडील पोलंडमधले, पेताह तिकव्हा गावात राहायचे. मुलगी हसरी, कामसू. पपांना पहिल्या दिवसापासून आवडली. पण त्यांच्या लोकांत रीत अगदी उलटी. ते फक्त गेलेल्या माणसाचं नाव ठेवतात. जिवंत माणसाचं नाव बाळाला देणं म्हणजे त्या माणसाचं मरण चिंतण्यासारखं. लग्नाच्या वेळी हे कुणाच्या ध्यानातही आलं नाही. पुढं त्र्याहत्तरच्या लढाईत नुरितचा धाकटा भाऊ उरी सिनाईत मारला गेला. वीस वर्षांचा होता. त्यानंतर तिची आई पेनिना बोलायचीच बंद झाली. स्वयंपाक करायची, ताट वाढायची, पण घरात शब्द नाही.

दीड वर्षानं, वसंतात, नुरितला मुलगा झाला.

तिसऱ्या दिवशी मी तिला भेटायला दवाखान्यात गेले. येहुदा खिडकीशी उभा होता. नुरितनं माझा हात धरला आणि म्हणाली, "रेना, बाळाचं नाव उरी ठेवायचं आहे. काल आईला सांगितलं, तर ती बोलली. दीड वर्षानं बोलली. 'त्याला पांघरूण नीट घाल' म्हणाली. मी आता दुसरं नाव कसं ठेवू?"

मी म्हटलं, "पपांना सांगितलंत का?"

येहुदा खिडकीबाहेरच बघत राहिला. नुरित म्हणाली, "तू सांग. तुझं ऐकतात ते. म्हणावं, सुंतेच्या वेळी बाळाला मांडीवर तेच घेणार, तो मान त्यांचाच. आणि म्हणावं, नुरितनं हात जोडलेत. सुंतेच्या आधी त्यांच्या कानावर जाऊ दे, एवढं कर."

मी हो म्हटलं.

घरी आले तर पपा आरशासमोर निळा कोट घालून बघत होते. साखरेचे बदाम आणून झाले होते. खालच्या मजल्यावरच्या सगळ्यांना निरोप गेले होते. आई बोरेकासच्या सारणाला चीज कुस्करत होती आणि पपा तिला सांगत होते, की न्हाव्याकडे गेले तेव्हा न्हावी म्हणाला, आता जाफात दोन शेमतोव्ह असेओ होणार, पत्रं कुणाची कुणाला जायची. मी म्हटलं, उद्या सांगू. दुसऱ्या दिवशी ते जोडे पुसत गुणगुणत होते. मी म्हटलं, संध्याकाळी सांगू. संध्याकाळी काका-काकू आले. असे चार दिवस गेले. मी तेव्हा पंचवीस वर्षांची होते, शाळेत शिकवत होते, वर्गात चाळीस मुलांना गप्प बसवायचे. पण घरात माझी जीभ रेटेना. मूल एकदा हातात आलं की नावाचं काय, विसरतील, अशी मी माझी समजूत घालून घेतली.

आठव्या दिवशी, सुंता करून नाव ठेवायच्या दिवशी, सकाळी आमच्या सिनेगॉगच्या दारात येहुदानं मला डोळ्यांनीच विचारलं. मी मान हलवली. 'सांगितलं' असं.

पपा खुर्चीत बसले. नुरितच्या वडिलांनी, झेलिगनी, बाळ आणून त्यांच्या मांडीवर उशीवर ठेवलं. सगळं नीट झालं. बाळ रडलं, कापसाच्या बोळ्यानं त्याच्या ओठांना दोन थेंब वाईन लावली, गप्प झालं. मग रब्बींनी पेला उचलला आणि रिवाजाप्रमाणे येहुदाकडे कान नेला. रब्बी आमचेच, पपांबरोबर एकाच बोटीनं आलेले. त्यांना वाटलं असणार, विचारायचं काय त्यात. येहुदानं कानात सांगितलं. रब्बींनी त्याच्याकडे बघितलं, पुन्हा कान नेला. मग म्हणाले, "इस्राएलात याचं नाव असो उरी, येहुदाचा पुत्र."

मागच्या रांगेत कुणीतरी आधीच "शेमतोव्ह, मुबारक!" म्हणून टाकलं होतं. ते तसंच हवेत राहिलं.

पपांनी वर पाहिलं नाही. बाळाचं दुपटं सारखं केलं, उठले, शेजारी उभ्या असलेल्या झेलिगच्या हातात बाळ दिलं आणि बाहेर गेले. जिना उतरताना त्यांच्या जोड्यांचा आवाज आम्हाला सगळ्यांना ऐकू येत होता. नुरित दाराशी उभी होती. तिच्या अंगावरून तसेच निघून गेले. त्या दिवशी पेनिनाचं बोलणं पुन्हा बंद झालं.

आठ महिने ते येहुदाच्या घरी गेले नाहीत. आई एकटी बसनं जायची, आणि परत आली की पपा विचारायचे, "बस कशी होती?" पुढं हळूहळू जाणंयेणं सुरू झालं. पोराचे लाड करायचे, त्याला समुद्रावर न्यायचे, सूर्यफुलाच्या बिया सोलून द्यायचे. पण नावानं हाक कधी मारली नाही. 'राजा' म्हणायचे, 'पहिलवान' म्हणायचे. पोरगा पाच वर्षांचा झाला तेव्हा जेवताना सगळ्यांसमोर म्हणाला, "आजोबा, तुम्हाला माझं नाव येत नाही का?" पपा म्हणाले, "येतं की," आणि पाव मोडत राहिले.

त्याच सुमारास नुरितला पुन्हा दिवस गेले होते. एका दुपारी ती एकटीच जाफाला आली. पोट पुढं घेऊन तीन जिने चढली, खुर्चीत टेकली आणि पपांना म्हणाली, "मुलगा झाला तर शेमतोव्ह ठेवणार आहे. माझ्या आईनं कानांवर हात ठेवले. मलाही भीती वाटते, खोटं सांगत नाही. आमच्यात हे अशुभ. पण मी ठेवणार."

मी स्वयंपाकघराच्या दारात होते. मला वाटलं, आता मिटलं. पपा तिला म्हणाले, "उरलंसुरलं नको मला. ते पहिल्याचं होतं."

नुरित उठली. आईनं तिला थांब म्हटलं, कॉफी तरी घे म्हटलं. ती म्हणाली, "नको, बस चुकेल."

मुलगा झाला. त्याचं नाव दोरोन ठेवलं. पपा सुंतेला गेले आणि मागच्या खुर्चीवर बसले. त्या वर्षापासून आमच्या वस्तीत सगळे त्यांना हट्टी म्हातारा म्हणायला लागले. मीही म्हणायचे, आधी चेष्टेनं आणि नंतर सवयीनं. म्हणताना आतून काही टोचायचं, पण बोललं नाही की दिवस निघून जातो, आणि असे खूप दिवस गेले.

आई गेल्यावर मी रोज दुपारी त्यांच्याकडे जायचे. त्र्याण्णवच्या उन्हाळ्यात आम्ही सज्ज्यात शेंगा सोलत बसलो होतो. त्यांना नीटसं दिसेनासं झालं होतं, पण बोटांना सगळं कळायचं. बोलता बोलता ते म्हणाले, "तुझ्या भावानं मला आधी सांगायला हवं होतं. चारचौघांत कळावं असं मी काय केलं होतं?"

मी हातातली शेंग ठेवली आणि सगळं सांगितलं. दवाखाना, हात जोडणं, मांडीवर घेण्याचा मान, पेनिनाचं बोलणं, दारात मान हलवणं. अठरा वर्षांनी.

ते सोलत राहिले. वाटी अर्धी भरली. मग म्हणाले, "सांगितलं असतंस तरी राग आलाच असता. पण घरात आला असता."

मला रडू फुटलं. त्यांनी मला उगी म्हटलं नाही आणि दोषही दिला नाही. थोड्या वेळानं म्हणाले, "नुरितला फोन लावून दे."

मला वाटलं, आता माझं सगळं बाहेर येणार. मी नंबर फिरवून दिला आणि तिथंच उभी राहिले. पपांनी तिची विचारपूस केली, आणि मग विचारलं, "तुझा भाऊ कसा होता गं? मी कधी विचारलंच नाही." पलीकडून ती बोलत होती. पपा रिसीव्हर कानाला घट्ट धरून ऐकत होते. अर्धा तास. मधूनमधून "हो का", "असं करायचा?" एवढंच. शेवटी म्हणाले, "त्या दिवशी मी चुकलो, पोरी." माझं नाव त्यांनी घेतलं नाही. त्या दिवशीही नाही, नंतरही नाही.

उरी तेव्हा नुकताच सैन्यात गेला होता. सुट्टीत आजोबांना भेटायला आला, आणि निघाला तेव्हा पपांनी जिन्यावरून हाक मारली, "उरी!" तो तसाच उतरत गेला. तो आवाज आपल्याला त्या नावानं हाक मारेल, हे त्याच्या ध्यानीमनीही नव्हतं. दुसऱ्यांदा मारेपर्यंत तो रस्त्याला लागला होता. पपांची हाक तेव्हा तितकी लांब जात नव्हती.

शहाण्णव साली पपा गेले. दोन हजार चार साली उरीला मुलगा झाला. आता नुरितच्या रीतीनं ते नाव मोकळं झालं होतं. तिनंच विषय काढला, मुलाच्या हातापाया पडली. उरीची बायको चांगली मुलगी आहे. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, बालवाडीत पोरं त्याला हैराण करतील, इतकं जुनं नाव आता कोण ठेवतं? उरीनंही जोर धरला नाही. त्याला त्या नावाचं कधी प्रेम लागलंच नव्हतं, लागावं कसं? मुलाचं नाव अमित ठेवलं.

नुरितनं मला फोन केला. "मी प्रयत्न केला, रेना," म्हणाली. "त्यांनी एवढा चारचौघांत अपमान करून, सगळं आधी माहीत असून, तरी मी प्रयत्न केला. शेवटी माझी माफी मागितली होती त्यांनी, म्हणून."

तेव्हा मी तिला सांगितलं, की त्यांना माहीत नव्हतं.

ती मग म्हणाली, "मी दुसऱ्या वेळी गेले, तेव्हाही?"

"तेव्हाही. त्यांना वाटायचं, तुम्ही मुद्दाम शेवटपर्यंत लपवलंत."

"आणि तू स्वयंपाकघराच्या दारात उभी होतीस."

"हो."

तिनं फोन ठेवला.

सणासुदीला आम्ही अजून एकत्र जेवतो. येहुदा माझ्याशी पूर्वीसारखाच बोलतो, त्याचा स्वभावच तो. नुरित मला वाढते, ताट रिकामं राहू देत नाही, आणि टेबलाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन बसते. गेल्या वसंतात अमितला शाळेत घराण्याची माहिती लिहून न्यायची होती, तेव्हा त्यानं मला विचारलं, पणजोबांच्या नावाचा अर्थ काय. मी सांगितला. त्यानं लिहून घेतला, स्पेलिंग एकदा विचारलं, आणि वही मिटून खेळायला गेला.