न फवारलेल्या दोन ओळी

घरात सगळ्यांत आधी कॉलेजात गेलेल्या माझ्यासारख्यानं लिहायला बसावं, हे जरा धाडसच आहे, सांभाळून घ्या. वांग्यातल्या अळीवर विषारी औषधाविना उपाय शोधायला मी अमरावतीहून केंद्र सरकारच्या संशोधन संस्थेकडे निधी मागितला होता. प्रयोगाला अळ्या हव्यात, म्हणून बाबांनी अकोल्याजवळच्या आमच्या वावरात वांग्याच्या दोन ओळी फवारल्याच नाहीत.

शेजारचे काका हसायचे, “काहून गा, अळ्या पोसून राहिला का?”

“पोराच्या हायेत त्या. कशा मारू?” बाबा म्हणायचे.

हंगाम सरला, उत्तर नाही. बाबा झाडं उपटणार, त्याच्या आदल्या दिवशी मेल आला. मी लगेच फोन केला. बाबा तिकडून काकांना ओरडून सांगत होते, “अळ्यायले दिल्लीची मंजुरी भेटली!”