लाल शेपटाची सापसुरळी

द्रौपदा चोपड्याकडची, केळीच्या बागेत वाढलेली. साप-बेडकांना न भिणारी पोर म्हणून गावानं नावं ठेवली, पण तिनं त्यातच एम.एस्सी. केलं आणि जळगावला सुकदेव सरांच्या हाताखाली संशोधनाला लागली. सरांच्या बुटाला कधी चिखल लागला नाही. सातपुड्यातले नाले तुडवायचे ते द्रौपदानं.

चौऱ्याऐंशीच्या श्रावणात तिथं तिला एक बेडूक सापडला, कुठल्याच पुस्तकात नसलेला. सर म्हणाले, "ठेव इथं, पडताळून पाहतो." पुढल्या वर्षी पेपर छापून आला. शोधणारे एकटे सुकदेव सर. बेडकाला नाव संस्थेच्या अध्यक्षांचं. खाली आभार मानले होते स्थानिक मजुरांचे.

द्रौपदा रडली-बिडली नाही. शिरपूरला कॉलेजात नोकरी धरली आणि डूख धरला. साप डूख धरत नाही, हे ती वर्गात शिकवायची. बाईमाणसाचं काही बोलली नाही.

काही वर्षांनी केळीच्या पाल्याखाली तिला सापसुरळीची अंडी मिळाली. पिलं निघाली ती लालभडक शेपटाची. मोठेपणी हा रंग उडतो, हे तिला ठाऊक. खुर्चीतल्या माणसाला ठाऊक नसणार, हेही ठाऊक. एक पिलू बरणीत घालून तिनं जळगाव गाठलं.

"कुठली गं ही?" सरांचे डोळे चकाकले.

"सातपुड्यातली, सर."

"राहू दे माझ्याकडं."

राहू दिली. बाकीची पिलं तिच्या घरी घमेल्यात वाढत होती. आई भिकुबाई कावली, "लोके पोरं पोसतस, तू सापसुरळ्या पोशी ऱ्हायनी!"

"पोसू दे, माय. यासना जळगावना बापले दखाडना शेतस."

सरांनी मासिकात नवी जात जाहीर केली. या खेपेला नाव दिलं अध्यक्षांच्या कैलासवासी मातोश्रींचं. धुळ्याच्या परिषदेत पेपर वाचला, अध्यक्ष पुढच्याच खुर्चीत. वाचून झाल्यावर द्रौपदा उठली आणि टेबलावर टोपली उघडली. आत रंग उडालेल्या, मातकट सापसुरळ्या.

"सर, ही त्याच पिलाची भावंडं. सगळ्यांच्या वावरात असतात."

सभागृह हसलं. अध्यक्ष हसले नाहीत. "सर, मन्ही मायनं नाव तुम्ही कचरामधली सापसुरळीले दिधं?"

बाहेर टपरीपाशी सरांनी तिला गाठलं. तिच्या हातात जाडजूड पाकीट होतं. घमेल्यातल्या पिलांचे महिन्या-महिन्याचे फोटो आणि सरांच्या पेपरचं खंडन, त्याच मासिकासाठी.

"हसं झालं तेवढं पुरे. हे छापायला धाडू नको. बेडूक तुझा होता, असं मी लिहून देतो. मग तर झालं?"

याच वाक्यासाठी ती इतकी वर्षं जळत होती. तिनं पाकिटाला तिकीट चिकटवलं. मग म्हणाली, "बेडूक ठेवा तुम्हालाच, सर. आता तुमच्याजवळ कुणीतरी हवं."

पाकीट तिनं त्यांच्यादेखत टपालपेटीत टाकलं.

सरांचं विभागप्रमुखपद त्याच साली गेलं. बेडूक मात्र पुस्तकात अजून त्यांच्याच नावावर आहे. कुणी हळहळलं तर द्रौपदा म्हणते, "बेडूक दी टाका मी त्यासले. सौदा स्वस्तमा पडना."