भरती ओळखणारे किडे

मावशी कालवं काढायला कातळाच्या पार टोकाला गेली होती आणि मी अलीकडे बसून झुरळासारखे दिसणारे चपटे समुद्रकिडे पाहत होते. ओल्या फटींपाशी रेंगाळणारे ते किडे अचानक वरच्या खडकाकडे पळत सुटले. मावशीनेच एकदा सांगितलं होतं, की ओल नसली तर यांचा श्वास कोंडतो, पण पाण्याखाली फार वेळ राहिले तर बुडून मरतात. म्हणजे भरती लागली होती.

मी जिवाच्या आकांताने हाका मारल्या. उत्तर येईना. मधल्या घळीत पाणी शिरलं होतं. शेवटी कमरेएवढ्या पाण्यातून, टोपली डोक्यावर धरून मावशी आली.

"बोंबलतंस कित्याक? इलंय मां मी!"

मी पुढे होऊन तिचा पदर घट्ट धरला. समुद्राशिवाय जगता येत नाही आणि समुद्रात राहताही येत नाही, अशा जिवांना मागे कधी सरायचं ते बरोबर कळतं. मावशी मात्र दोन कालवांसाठी थांबते.

घरी पोचेपर्यंत मी तिचा ओला पदर सोडला नाही आणि तिनेही तो सोडवून घेतला नाही.